जिन्यावरचं रोम

भुकेने कावलेल्या बायकांनी रोममधली एक बेकरी लुटली आहे. त्या झुंबडीतून पीना नावाची गरोदर बाई पावांनी भरलेली पिशवी घेऊन बाहेर पडते. बंदोबस्ताला आलेला हवालदार तिला पकडायचं सोडून तिची पिशवीच स्वतःच्या हातात घेतो आणि तिला घरापर्यंत पोचवायला निघतो. चालता चालता पीना विचारते, हे अमेरिकन अमेरिकन म्हणतात ते खरंच आहेत का? हवालदार नजर वर करतो. समोर बॉम्बने फुटलेली, आतून पोकळ झालेली इमारत उभी आहे. आहेत असं दिसतंय खरं, एवढंच तो म्हणतो, आणि दोघं आपल्या वाटेने पुढे जातात.

रोबेर्तो रोसेल्लिनीच्या ‘रोम, ओपन सिटी’ या १९४५ सालच्या चित्रपटातला हा जेमतेम काही सेकंदांचा तुकडा. पहिल्या वेळी आपण हसतो आणि पुढे जातो. दुसऱ्यांदा पाहताना लक्षात येतं की ज्यांची वाट पाहायची त्यांच्या असण्याचा या वस्तीला मिळालेला पुरावा म्हणजे तिचंच पडलेलं घर. ज्या भागात ही कथा घडते त्याच्या शेजारच्या सान लोरेन्झो वस्तीवर दोस्त राष्ट्रांच्या विमानांनी १९ जुलै १९४३ला बॉम्ब टाकले होते. रोसेल्लिनी त्यावर टीका करत नाही की खुलासा देत नाही. एक प्रश्न, एक नजर, एक पडकी भिंत. आणि पाव घरी न्यायची घाई असल्यामुळे पात्रंही तिथे रेंगाळत नाहीत. इतकं मोठं विधान इतक्या हलक्या हाताने केलेलं मी पडद्यावर फार थोड्या वेळा पाहिलं आहे.

पीना ज्यांना ‘अमेरिकन’ म्हणते त्या फौजांमध्ये आपलीही माणसं होती. रोम मुक्त झालं ४ जून १९४४ला. त्यानंतर पाच आठवड्यांनी, १० जुलैला, रोममधून वाहणाऱ्या टायबर नदीच्याच वरच्या खोऱ्यात मराठा लाइट इन्फन्ट्रीचे नाईक यशवंत घाडगे लढताना पडले. त्यांना मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. पुढच्या वर्षीच्या जानेवारीत रोसेल्लिनी रोममध्ये या चित्रपटाचं चित्रीकरण सुरू करत होता, तेव्हा उत्तर इटलीत लढाई चालूच होती. त्याच एप्रिलमध्ये सेनिओ नदीकाठी शिपाई नामदेव जाधव यांनी व्हिक्टोरिया क्रॉस मिळवला. पडकी इमारत पाहून पुढे चालू लागलेली पीना मला त्यामुळे फारशी परकी वाटत नाही.

थोडी पार्श्वभूमी. सप्टेंबर १९४३मध्ये इटलीने दोस्त राष्ट्रांशी शस्त्रसंधी जाहीर केला आणि कालपर्यंत मित्र असलेल्या जर्मनांनी रोमचा ताबा घेतला. त्याआधी, १४ ऑगस्टला, इटालियन सरकारने रोम ‘खुलं शहर’ म्हणून जाहीर केलं होतं. म्हणजे इथे लढाई होणार नाही, शहराचा बचाव केला जाणार नाही, म्हणून त्यावर हल्लाही होऊ नये. प्रत्यक्षात पुढचे नऊ महिने त्या खुल्या शहरात संचारबंदी, रेशन, धरपकड आणि गोळीबार चालले. चित्रपट त्या नऊ महिन्यांतल्या दोन-तीन दिवसांचा. पीना नवरा गेलेली, एका मुलाची आई. दुसऱ्या दिवशी तिचं लग्न आहे ते शेजारच्या फ्रांचेस्कोशी, जो छापखान्यात काम करतो आणि छुपी पत्रकं छापतो. त्याचा मित्र मान्फ्रेदी भूमिगत चळवळीतला कम्युनिस्ट नेता. वस्तीतले धर्मगुरू डॉन पिएत्रो या सगळ्यांना गुपचूप मदत करतात. एवढी कथा पुरे. खरी गंमत ती कुठे कुठे घडते त्यात आहे.

गेस्टापोचा मेजर बर्गमान सुरुवातीलाच रोमच्या नकाशापुढे उभा दिसतो. शहराचे चौदा भाग पाडलेले आहेत, प्रत्येक भाग क्रमाक्रमाने वेढून विंचरून काढायचा अशी योजना आहे. इटालियन पोलीस अधिकाऱ्याला तो अभिमानाने सांगतो की खोलीबाहेर पाऊल न टाकता मी रोज संध्याकाळी रोममध्ये लांबवर फेरफटका मारतो. कसा, तर फोटोंमधून. त्याच्या माणसांनी रस्त्यावर टिपलेल्या लोकांचे फोटो तो टेबलावर पसरून चाळत बसतो, आणि त्यातल्याच एका फोटोत त्याला मान्फ्रेदी सापडतो, प्रेयसी मारीनासोबत उभा. बर्गमानचं रोम असं सपाट आहे. कागदावर मावणारं, बोटाने दाखवता येणारं.

आता उरलेलं रोम पाहा. जर्मन शिपाई मान्फ्रेदीच्या दाराशी येतात तेव्हा तो गच्चीवरून, छपरांवरून निसटतो. जर्मन अधिकारी गच्चीवर जाऊन पाहतो तर समोर दुसरी इमारत. ती कोणाची, असं विचारल्यावर उत्तर मिळतं, स्पेनचा दूतावास. नकाशावरची रेषा तिथे अचानक उंच भिंत होऊन उभी राहते. पत्रकं छापली जातात ती तळघरात. मुलांनी बॉम्ब लपवले आहेत ते पोटमाळ्यावर. प्रेम, भांडण, निरोप, बातमी, मार, सगळं घडतं जिन्यावर. सामान्य माणसांचं रोम उभं आहे, पायऱ्यापायऱ्यांचं आहे. चढल्याशिवाय आणि धाप लागल्याशिवाय ते कळत नाही. फोटोत हे येऊच शकत नाही, आणि बर्गमानला इमारतीतलं जे हवं ते बहुतेक वेळा दोन मजल्यांच्या मधे कुठेतरी असतं. हे कोणी पात्र आपल्याला सांगत नाही. कॅमेरा फक्त माणसांच्या मागे जिने चढत-उतरत राहतो आणि दोन शहरांमधला फरक आपल्या पोटऱ्यांना जाणवू लागतो.

डॉन पिएत्रो पहिल्यांदा दिसतात ते वस्तीतल्या पोरांच्या फुटबॉलमध्ये पंच म्हणून, आणि लगेच चेंडू त्यांच्या डोक्यावर बसतो. त्यांची भूमिका करणारा आल्दो फाब्रित्सी हा तेव्हा रोमचा लाडका विनोदी नट. गोल अंग, लहान पावलं, वाऱ्यावर फडफडणारा काळा झगा. रोसेल्लिनीने त्याला गंभीर केलं नाही. त्याचा विनोद तसाच राहू दिला आणि त्याच देहाकडून पुढचं सगळं करून घेतलं. छुप्या छापखान्याकडे जाताना ते देवादिकांच्या मूर्तींच्या दुकानात थांबतात. तिथे संत रोक्कोची मूर्ती आणि शेजारी एक नग्न स्त्रीमूर्ती. डॉन पिएत्रो इकडेतिकडे पाहून स्त्रीमूर्ती हळूच वळवतात. मग लक्षात येतं की आता संतांची नजर तिच्या पाठमोऱ्या अंगावर आहे. तेव्हा संतांनाही वळवावं लागतं. आणि या क्षणानंतर तो भला माणूस तळघरात उतरून पुस्तकांच्या रूपात दडवलेले चळवळीचे पैसे उचलतो.

या जागेवर अनेक समीक्षक ‘विनोदी विसावा’ म्हणून थांबतात. मला ते अपुरं वाटतं. मूर्ती वळवणारा हात आणि पैसे लपवणारा हात एकाच स्वभावाचा आहे. कोणाचीही नजर कुठे पडते आणि ती तिथे पडू नये म्हणून काय हलवावं लागेल, याचं त्या माणसाला उपजत भान आहे. फाब्रित्सी हे इतकं सहज करतो की त्यामागचं बेतलेपण शोधायला दोन-तीनदा पाहावं लागतं.

मग मुलं. लंगडा रोमोलेत्तो कुबडीवर चालतो आणि वस्तीतल्या पोरांच्या टोळीचा सेनापती आहे. पीनाचा मुलगा मार्चेल्लो त्याचा विश्वासू. एके रात्री ही टोळी पेट्रोलचा टँकर उडवते. काळ्या आभाळावर उजेड फुटतो आणि छोट्या छोट्या आकृती उतारावरून धावत सुटतात. एवढ्या पराक्रमानंतर ते ज्याला घाबरतात ते जर्मन सैन्य नव्हे. घरी उशीर झाला आहे. इमारतीच्या जिन्यावर एकेक दार उघडतं, आई किंवा बाप हात धरून पोराला आत ओढतो, आणि पुढे ऐकू येतो तो फटक्यांचा आवाज, ओरडणं, रडणं. मजल्यामजल्यावर तेच. मार्चेल्लोलाही आईकडून प्रसाद मिळतो.

दाराआडचा तो आवाज जरूर कान देऊन ऐकावा. हा चित्रपट बराचसा मूक चित्रित केला होता आणि संवाद, आवाज नंतर चढवले. त्यामुळे कोणता आवाज बंद दारामागे ठेवायचा, कोणता पुढे आणायचा हे सारं ठरवून केलेलं आहे. आपल्याकडच्या चाळीत वाढलेल्याला हे दृश्य शिकवावं लागत नाही. तिन्हीसांजेनंतर घरी आलेल्या पोराचं रडणं शेजारच्या चार बिऱ्हाडांना ऐकू जाणं, हे चाळीचं रोजचं संगीत. रोसेल्लिनीने त्या संगीतात स्फोट मिसळला आहे. आईबापांना ठाऊकच नाही की आपण ज्याला बडवतो आहोत त्याने आज काय केलं. मारणारा हात अज्ञानात, मार खाणारा गाल गुपितात, आणि दोघांमध्ये भरपूर माया. मुलांच्या शौर्याला याहून गोड मुजरा मी पाहिलेला नाही.

याच इमारतीच्या पायऱ्यांवर पीना आणि फ्रांचेस्को रात्री बसतात. घरात जागा नाही, निवांतपणा नाही, म्हणून जिना. पीना झालेली आन्ना मान्यानी तोपर्यंत हास्यनाट्य आणि गाण्यांच्या रंगमंचावरून ओळखली जात होती. तिचा चेहरा त्या काळच्या नायिकांसारखा उजळवलेला नाही. केस विस्कटलेले, डोळ्यांखाली थकवा. फ्रांचेस्को तिला सांगतो की हे संपेल, वसंत येईल आणि तो पूर्वीपेक्षा सुंदर असेल, कारण तेव्हा आपण स्वतंत्र असू. कागदावर हे भाषण वाटेल. पडद्यावर तसं का वाटत नाही, याचं उत्तर मान्यानीच्या ऐकण्यात आहे. ती त्याच्या शब्दांकडे कमी आणि त्याच्या आवाजाकडे जास्त लक्ष देते. थकलेलं माणूस अंगाई ऐकतं तसं. तिला त्याचं सगळं पटलंय असंही नाही, पण हा माणूस बोलत राहावा असं मात्र वाटतं. नट बोलत असताना नटीने केलेली ही कामगिरी, आणि कॅमेराही ती शांतपणे टिपत बसतो.

त्याच रात्री झोपायच्या वेळी मार्चेल्लो फ्रांचेस्कोला विचारतो की आता मी तुम्हाला बाबा म्हणू का. हा प्रसंग लहान आहे आणि लहानच ठेवला आहे. त्याची वसुली पुढे व्हायची आहे.

इथे एक गैरसमज दूर करायला हवा, कारण तो या चित्रपटाच्या कारागिरीवर अन्याय करतो. ‘नववास्तववाद’ म्हटलं की रस्त्यावर कॅमेरा ठेवला आणि जीवन आपोआप त्यात आलं, असं चित्र उभं राहतं. अडचणी खऱ्याच होत्या. चिनेचित्ता स्टुडिओत निर्वासितांना ठेवलं होतं, पैसा नव्हता, कच्ची फिल्म मिळेल तिथून गोळा करावी लागली. पण गेस्टापोचं कार्यालय, छळाची खोली, धर्मगुरूंचं निवासस्थान हे सारं विया देल्यी आविन्योनेसी या गल्लीतल्या एका जागेत उभारलेले सेट आहेत. पटकथेवर सेर्जो आमिदेईसारखा मुरलेला लेखक आणि तरुण फेदेरिको फेल्लिनी यांनी काम केलं. खुद्द रोसेल्लिनीने त्याआधी फॅसिस्ट राजवटीत युद्धपट केले होते. म्हणजे हात कसलेले होते. ‘रोम, ओपन सिटी’चा खडबडीतपणा हा काही अंशी परिस्थितीचा आणि बराचसा निवडीचा आहे. कुठे सेट चालेल आणि कुठे खरा रस्ताच हवा, हे त्या माणसाला नेमकं कळत होतं.

आणि खरा रस्ता त्याने राखून ठेवला तो पीनासाठी. तो रस्ता पुढे दूरवर, मुंबईपर्यंत पोचला. १९४६च्या पहिल्या कान महोत्सवात सर्वोच्च पुरस्कार अनेक चित्रपटांना विभागून मिळाला. त्यात हा होता आणि चेतन आनंदचा ‘नीचा नगर’ही होता. पुढे जानेवारी १९५२मध्ये मुंबईत भारताचा पहिला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरला तेव्हा ‘बायसिकल थीव्ह्ज’ आणि ‘मिरॅकल इन मिलान’सोबत हाही दाखवला गेला. मुंबईच्या त्या प्रेक्षकांनी पीनाचा रस्ता पाहिला तेव्हा प्रेक्षागृहात काय झालं असेल, याची मी अनेकदा कल्पना करतो.

लग्नाची सकाळ. जर्मन आणि फॅसिस्ट शिपाई इमारतीला वेढा घालतात. बर्गमानचा नकाशा वस्तीत आला आहे. सगळ्यांना खाली उतरवलं जातं, बायकामुलं अंगणात, पुरुष पलीकडे. मान्फ्रेदी मागच्या बाजूने निसटतो, फ्रांचेस्को सापडतो. पोटमाळ्यावर अजून रोमोलेत्तोचा बॉम्ब आणि बंदूक आहे. ते सापडले तर कोणाचीच धडगत नाही. तेव्हा डॉन पिएत्रो आणि मार्चेल्लो मरणाऱ्यासाठीच्या अखेरच्या धर्मविधीचं सोंग करून आत शिरतात. वर एक अंथरुणाला खिळलेला म्हातारा आहे, त्याच्यासाठी तो विधी करायचा आहे. पायऱ्या चढताना आपला श्वास अडकलेला. वर पोचल्यावर म्हातारा मरायला अजिबात तयार नाही! तो बिचारा धडधाकट आवाजात तक्रार करतो आहे आणि खालून बुटांचा आवाज वर येतो आहे. शिपाई आत येतात तेव्हा म्हातारा मृत्युशय्येवर निपचित, डॉन पिएत्रो पुटपुटत आहेत, शस्त्रं पांघरुणाखाली. हे कसं जमलं ते नंतर कळतं: धर्मगुरूंनी फ्रायपॅनचा तडाखा दिला आहे. मार्चेल्लो थक्क.

प्रेक्षागृह इथे मोकळेपणाने हसतं. आणि रोसेल्लिनी ते हसू ओठांवरून उतरायलाही वेळ देत नाही. कारण नेमक्या याच वेळी पीनाला फ्रांचेस्को दिसतो, शिपाई त्याला ट्रककडे ढकलत आहेत. ती तिला अडवणाऱ्याला बाजूला सारते, शिपायांचं कडं फोडते, फाटकातून बाहेर येते आणि त्याचं नाव घेत ट्रकमागे धावते. आपण ते काही काळ ट्रकमधून पाहतो, फ्रांचेस्कोच्या जागेवरून. मोकळा सरळ रस्ता, लांब होत जाणारी इमारत, हात वर करून धावणारी एक बाई. गोळ्यांचा आवाज. ती कोसळते. कोणी झाडल्या ते दिसत नाही, मरताना तिचा चेहरा दिसत नाही, शेवटचे शब्द नाहीत. जवळून टिपलेला एकही चेहरा नाही. चित्रपटाची नायिका, इटलीची लाडकी अभिनेत्री, मध्यंतराच्या आसपास रस्त्यावर निपचित पडते, आणि चित्रपट अजून अर्धा शिल्लक आहे.

पहिल्यांदा पाहिलं तेव्हा यानंतरची पाच-दहा मिनिटं माझ्या डोळ्यांपुढून नुसती सरकून गेली. आपण हसत होतो ते किती वेळापूर्वी, याचा हिशेब मन करत बसतं. हीच या प्रसंगाची रचना आहे. विनोद आणि मृत्यू यांच्यामध्ये जी विश्रांतीची जागा कथाकार नेहमी ठेवतो, ती इथे काढून घेतली आहे. त्या इमारतीतल्या माणसांनाही ती मिळाली नव्हती. आणखी एक गोष्ट दिसायला मला बराच काळ लागला. आतापर्यंत पीना बहुतेक वेळा कुठल्यातरी जिन्यावर, दारात, भिंतीच्या किंवा माणसाच्या आधाराने होती. आता ती सपाट, मोकळ्या, सरळ रस्त्यावर एकटी आली, म्हणजे बर्गमानच्या रोममध्ये आली, आणि तिथे ती एक ठिपका झाली. ती धावते त्या रस्त्याला आडोसाच नाही.

मार्चेल्लो आईवर येऊन पडतो. त्याला दूर करतो तो आपला पाववाला हवालदार. डॉन पिएत्रो पीनाला उचलून मांडीवर घेतात आणि क्षणभर मायकेलअँजेलोच्या ‘पिएता’ची रेषा उमटते. तीही फार वेळ धरून ठेवलेली नाही. रोममध्ये संत पीटरच्या चर्चमध्ये ती संगमरवरी मूर्ती आहे, रोमच्या प्रेक्षकाला वेगळं सांगायची गरज नव्हती. पीनाच्या या मृत्यूमागे एक खरी घटना आहे. ३ मार्च १९४४ला व्हियाले जूलियो चेझारे या रस्त्यावर, नवऱ्याला डांबलेल्या बराकीसमोर तेरेझा गुल्लाचे ही गरोदर बाई, पाच मुलांची आई, जर्मन गोळीने मारली गेली. चित्रपट आला तेव्हा त्या रस्त्यावरचे साक्षीदार शहरात हिंडत होते. त्यांच्यासमोर काहीही वाढवून सांगणं शक्य नव्हतं, आणि रोसेल्लिनीने वाढवलं नाही.

फ्रांचेस्को पुढे सुटतो. चळवळीतले लोक कैद्यांच्या गाड्यांवर हल्ला करतात. काही काळ तो आणि मान्फ्रेदी लपतात, मग डॉन पिएत्रोंकडून पुढच्या ठिकाणी जायला निघतात. निघताना मार्चेल्लो फ्रांचेस्कोजवळ येतो आणि आईचा स्कार्फ त्याच्या हाती देतो. पोराचा निरोप घेताना फ्रांचेस्को मागे राहतो. तेवढ्यात पुढच्या कोपऱ्यावर जर्मन गाडी मान्फ्रेदी आणि डॉन पिएत्रोंना पकडते. फ्रांचेस्को वाचतो तो त्या स्कार्फमुळे, त्या ‘बाबा’ म्हणण्यामुळे. पीना मेल्यावरही तिच्या माणसाला वाचवते. हे कोणी म्हणत नाही. स्कार्फ एका हातातून दुसऱ्या हातात जातो, एवढंच. कथेचा धागा इतक्या नाजूक जागी ओवणाऱ्या आमिदेई-फेल्लिनींच्या बोटांना दाद द्यावी तेवढी थोडी.

शेवटचा तिसरा भाग गेस्टापोच्या कार्यालयात. बर्गमानच्या खोलीला दारं आहेत. एका दारामागे छळाची खोली, दुसऱ्या दारामागे दिवाणखाना, जिथे पियानो वाजतो आहे, दारू आहे, पत्ते आहेत. बर्गमान एका दारातून दुसऱ्या दारात जातो, आणि जाताना आवाज बदलतो, एवढंच. इथे पायऱ्या नाहीत. सगळं एकाच मजल्यावर, एकमेकांना लागून. माणसाला किंचाळायला लावून दोन पावलांत गाण्याकडे जाता येतं अशी ही वास्तुरचना, आणि ती सेट बांधूनच करता येण्यासारखी होती.

याच भागात माझ्या मते चित्रपटाचा हात थोडा जड होतो. बर्गमानची नजाकत आणि त्याची साथीदार इंग्रिड हिची मारीनावरची माया यांतून दुष्टपणा लैंगिक वेगळेपणाशी जोडला आहे. तो त्या काळाचा पूर्वग्रह आहे, आणि आज तो खटकायलाच हवा. मारीना, मान्फ्रेदीला पकडून देणारी ही नटी, तिचंही पात्र पातळ आहे. पण इंग्रिडने तिला दिलेला फरचा कोट पाहा. मान्फ्रेदीचं प्रेत पाहून मारीना बेशुद्ध पडते, तेव्हा इंग्रिड वाकून तिच्या अंगावरून तो कोट शांतपणे काढून घेते. पुढच्या माणसाला तो उपयोगी पडेल. एका स्कार्फने एक जीव वाचवला होता. हा कोट दुसऱ्याला विकत घेऊन पुन्हा कपाटात जातो. पात्र पातळ असलं तरी वस्तूंचं हे बोलणं थक्क करणारं आहे.

आणि हार्टमान. दिवाणखान्यात दारू चढलेला हा जर्मन अधिकारी मोठ्याने बोलतो. मागच्या महायुद्धात फ्रान्समध्ये आम्ही देशभक्तांना गोळ्या घातल्या, आम्हाला वाटायचं आपण श्रेष्ठ वंशाचे, ते बोलतील. ते बोलले नाहीत. आम्हाला मारता येतं, दुसरं काही येत नाही. बर्गमान चिडतो. प्रेक्षकाला क्षणभर वाटतं, जर्मनांत एक तरी माणूस सापडला. रोसेल्लिनी हा दिलासा देतो आणि पहाटेपर्यंत राखून ठेवतो.

मान्फ्रेदी तोंड न उघडता मरतो. डॉन पिएत्रोंना ते पाहायला लावलं जातं. फाब्रित्सीचा गोल, भोळा चेहरा एकदम उग्र होतो, तो शाप देतो, आणि मग स्वतःच्याच शापाने हादरून क्षमा मागतो. फुटबॉलचे पंच होणारे, मूर्ती वळवणारे, म्हाताऱ्याला फ्रायपॅन मारणारे हेच ते. त्या सगळ्या हलक्या क्षणांची इथे शक्ती होते, कारण आपण एका संताला पाहत नाही. आपल्या ओळखीच्या माणसाला, त्याला जमेल त्यापेक्षा मोठं काही करताना पाहत असतो. हे पात्र दोन खऱ्या धर्मगुरूंवर बेतलेलं आहे. डॉन ज्युझेप्पे मोरोसिनी यांना ३ एप्रिल १९४४ला फोर्ते ब्रावेत्ता इथे गोळ्या घातल्या गेल्या, आणि डॉन पिएत्रो पाप्पागाल्लो हे २४ मार्चच्या आर्देआतीने गुहांमधल्या हत्याकांडात मारल्या गेलेल्या ३३५ जणांपैकी एक होते.

पहाट. शहराबाहेरचं उघडं मैदान, पुन्हा आडोसा नसलेली जागा. डॉन पिएत्रोंना खुर्चीला बांधलं आहे. सोबतच्या धर्मगुरूंना ते सांगतात की चांगलं मरणं अवघड नसतं, चांगलं जगणं अवघड. तेवढ्यात कुंपणापलीकडून शिट्टी ऐकू येते. वस्तीतली पोरं आली आहेत आणि आपली खुणेची धून वाजवत आहेत. डॉन पिएत्रोंच्या मानेत जी किंचित हालचाल होते तेवढाच फाब्रित्सीचा शेवटचा अभिनय. नेम धरलेले शिपाई इटालियन आहेत. गोळ्या सुटतात आणि जमिनीत जातात. कोणी मरत नाही. मग हार्टमान, रात्री खरं बोललेला तोच हार्टमान, पुढे येतो आणि आपल्या पिस्तुलाने काम संपवतो. सत्य माहीत असणं आणि त्याप्रमाणे वागणं यांच्यामधलं अंतर त्याच्या त्या चार-पाच पावलांएवढं आहे, आणि ती पावलं कॅमेरा पूर्ण दाखवतो.

पोरं माना खाली घालतात, कुंपणापासून हटतात आणि एकमेकांच्या खांद्यावर हात टाकून उतारावरून निघतात. कॅमेरा त्यांच्यासोबत वळतो आणि समोर रोम येतं. छपरांमागे छपरं, आणि त्यांवर संत पीटरचा घुमट. पहिल्या दृश्यात हे शहर पाहिलं होतं तेव्हा ते फक्त सुंदर होतं. आता त्यातल्या कुठल्या छपराखाली कोणता जिना आहे हे आपल्याला माहीत आहे. पोरं घरी पोचायच्या आधीच चित्रपट संपतो. त्यांना उशीर झाला आहे, आणि मजल्यामजल्यावर दारं उघडतील, कोणी हात धरून आत ओढेल, ओरडेल, एखादा फटकाही मिळेल. मार्चेल्लोच्या दारामागे आता तो हात नाही.